छातीची मागची भिंत

माझ्या सुनेला सरळ उत्तर देता येत नाही. भात शिजला का गं, असं विचारलं तर हो नाही की नाही नाही. म्हणते, "झाकणाखालून वाफ येतेय, दोन्या." दोन्या म्हणजे बाईसाहेब, आई म्हणत नाही ती मला. बाहेर पाऊस लागलाय का? "रस्ता ओला दिसतोय." अगं बये, रस्ता ओला आहे हे मोतीबिंदू काढलेल्या माझ्या डोळ्यांनाही दिसतं, मागे दोरीवर चादरी आहेत माझ्या, पाऊस आहे का तेवढं सांग. तर मान वळवून खिडकीकडे बघते, विचार करते, आणि तोवर चादरी भिजून गेलेल्या असतात. जेवते ती उभ्यानं, ओट्याला टेकून, ताट हातात धरून, जसं कुणी हिसकावूनच घेणार आहे. माझं जेवणाचं टेबल तिनं बळकावलंय. ते खोलीच्या मधोमध होतं, नवरा जिवंत होता तेव्हापासून मधोमधच होतं. हिनं ते ढकलत कोपऱ्यात नेलं आणि भिंतीला पाठ लावून बसते. विचारलं तर म्हणे पडद्यावर उजेड पडतो. कानांवर काळ्या वाट्या चढवायच्या, गार हवेचं यंत्र घुमवत ठेवायचं, आणि दिवसभर परक्या माणसांचे आजार वाचायचे. याशिरा तिचं नाव. माझ्या धाकट्याची, विग्बेर्तोची बायको. सान हुआनच्या कुठल्याशा कंपनीसाठी ती घरबसल्या आजारांना आकडे देते. डॉक्टर लिहितात, ही वाचते आणि आकडा लावते, आणि तो आकडा बघून विमेवाले दवाखान्याचे पैसे सोडतात. पोट दुखलं, आकडा. कुत्रं चावलं, आकडा. डाव्या पोटरीला चावलं तर एक, उजव्या पोटरीला चावलं तर दुसरा, आणि त्या कुत्र्याचा म्हणून आणखी निराळा. मी तिला एकदा म्हटलं, सासूचा आकडा कितवा गं? तर हसली नाही. विचार करायला लागली.

मंगळवारी सकाळी मी खिडकीशी लिंबेर भरत होते. नारळाचं दूध, साखर, दालचिनी, प्लास्टिकच्या पेल्यांत ओतायचं आणि फ्रीझरमध्ये ठेवायचं. शाळा सुटली की पोरं जाळीतून हात घालून मागतात. आमच्या गल्लीत माझ्या नारळाच्या लिंबेरला नाव आहे, अख्ख्या मायाग्वेस गावात आहे म्हटलं तरी चालेल. याशिरा कोपऱ्यात कुणा नव्या मुलीला फोनवरून काम शिकवत होती. ती शिकवताना तिचा आवाज बदलतो, घरात मुळीच नसतो असा खणखणीत होतो. मी लक्ष देत नव्हते. तिचं बोलणं माझ्या कानांवरून नेहमी रेडिओवरच्या हवामानासारखं जातं. मग ती म्हणाली, "वरची पाठ शोधू नकोस. वरची पाठ म्हणून वेगळी जागा नाही तिथे. छातीत जा. छाती, मागची भिंत." माझा हात थांबला. "हो गं, पाठीला छातीची मागची भिंतच म्हणायचं. आता बाजू बघ. उजवी. पेशंटची उजवी, तुझी नाही. टोचल्याची जखम. आत पोकळीत गेलंय असं लिहिलंय? नाही ना, मग नाही गेलं. आत काही तुटून राहिलंय? नाही. मग एस, एकवीस, पॉईंट, दोन, तीन, एक. शेवटी ए लाव, अजून इलाज चालू आहे त्याचा." मला वाटलं, ही माझी पाठ फोनवरून कुणाला दाखवतेय. माझीही उजवी बाजू, माझीही टोचल्याचीच जखम. ब्लाउज पाठीवरून सरकल्यासारखं झालं, आणि पाठीमागे फक्त शेगडी होती. मग कळलं की ती 'त्याचा' म्हणाली होती, म्हणजे कुणी पुरुष, कुठला तरी परका माणूस, आणि मला उगीचच त्या माणसाचा राग आला, की याची जखम माझ्या जागेवर कशी काय. तिकडून त्या मुलीनं काहीतरी विचारलं असावं. याशिरा म्हणाली, "कुणी टोचलं ते लिहिलंय का? नाही ना? मग अपघात." पलीकडचं ऐकून घेतलं. "अगं मुली, तुला काय वाटतं ते कुणी विचारलंय? मारलं असं लिहिलेलं नसेल, मुद्दाम असं लिहिलेलं नसेल, काहीच लिहिलेलं नसेल, तर अपघात धरायचा. नियमच आहे तो. तिथे अडकू नकोस, मागे फायली तुंबतात." पेला भरून वाहत होता. नारळाचं दूध ओट्यावरून माझ्या पायांवर आलं, सपातांत गेलं, तेव्हा मला ते गार लागलं.

काहीच लिहिलेलं नसेल तर अपघात. मी फडकं घेतलं, खाली वाकले, आणि वाकल्या वाकल्या तशीच राहिले, कारण वाकलं की ती जागा ओढते. माझ्याही कागदावर अपघात आहे. मीच तिला विचारलं होतं, टाके निघाले त्या आठवड्यात, की काय लिहिलंय गं माझ्याबद्दल तिथे. तिनं फोनवर, पेशंटला स्वतःचे कागद बघता येतात त्या पानावर, माझं नाव घालून, माझा जन्मदिवस घालून पाहिलं आणि म्हणाली, "अपघात लिहिलंय, दोन्या. टोकदार वस्तू लागली, घरात." मी तेव्हा डोळे मिटून देवमातेला हात जोडले होते. मला वाटलं, शिकल्यासवरल्या माणसांनी जखम उघडून पाहिली, आत दिवा धरला, टोचा कुठून आला, कसा आला, किती जोरानं आला ते त्यांना त्या मांसातच वाचता आलं असेल, जसं मला माशाच्या खवल्यावर बोट फिरवून तो कधी मेला ते सांगता येतं. त्यांनी पाहिलं आणि ठरवलं, अपघात. मी तिसरीतून शाळा सोडलेली बाई, मी कोण त्यांच्यावर शंका घेणार? त्या एका शब्दावर मी उभी राहिले. शेजारच्या फिलोमेनानं जाळीला तोंड लावून विचारलं, "कसं काय झालं गं ओब्दुलिया, तुझ्या पोरानंच..." तर तिला मी तिथल्या तिथे झापलं, "डॉक्टरांनी अपघात लिहिलंय, तुला काही जास्त कळतं का?" पाद्रीबुवांना सांगितलं. मोठा मुलगा ओरलांडो शहरात असतो, त्याला फोनवर सांगितलं. आणि गेल्या आठवड्यात विग्बेर्तोचा गुआयामाहून फोन आला, तो तिथे चुलतभावाकडे जाऊन राहिलाय त्या दिवसानंतर, रडका आवाज काढून म्हणाला, "माई, येऊ दे ना मला घरी," तेव्हा मी म्हटलं, रविवारी ये. जेवायला ये, आणि कपडे घेऊन ये. त्याच एका शब्दावर म्हटलं. आणि तो शब्द कुणी ठरवलेलाच नव्हता. कुणी काही बोललं नाही तर जो आपोआप पडतो तो शब्द होता तो. धूळ पडते तसा.

मग त्या कॅज्युअल्टीत कोण काय बोललं होतं? मी पालथी पडले होते. उशीला औषधाचा वास, गाल उशीत दबलेला, एका डोळ्यानं फक्त भिंतीची खालची फरशी आणि नर्सचे पांढरे बूट दिसत होते. कुणीतरी विचारलं, "कसं लागलं, आजी?" आणि मी काय म्हणाले? मी म्हणाले की बर्फ फोडायचा टोचा होता. की ते याशिरा म्हणाली? टोचा म्हणाल्याचं आठवतं, पण आवाज कुणाचा ते आठवत नाही. तोंड माझं उशीत होतं, म्हणजे माझा नसावा. मग कात्रीचा आवाज, माझा निळा ब्लाउज कापला त्यांनी, नवा होता. "आजी, इथे दुखतंय?" दुखत नव्हतं. तेव्हाही नव्हतं, हेच कुणाला पटत नाही. स्वयंपाकघरातही दुखलं नव्हतं. कुणीतरी पाठीत गुद्दा घातल्यासारखं झालं होतं, लहानपणी भाऊ घालायचा तसा, आणि मग तिथे गार वाटलं. मला पहिल्यांदा वाटलं, बर्फाचा तुकडा उडाला आणि ब्लाउजात गेला. मी म्हणालेसुद्धा, "अरे मेल्या, बर्फ उडवतोस." हात मागे नेला तर तिथपर्यंत पोचेना. बायकांच्या पाठीवर ती एक जागा असते, उजव्या फऱ्याच्या आतल्या कडेला, तिथे वरून हात पोचत नाही, खालून पोचत नाही, खाजलं तर दाराची चौकट शोधावी लागते. तिथेच. बोटं ओली झाली ती ओघळ कमरेपर्यंत आल्यावर. आणि गाडीत, याशिरा माझ्याजवळ मागे बसली होती, विग्बेर्तो गाडी चालवत होता, लाल दिवे तोडत होता, आणि सारखं एकच म्हणत होता, "माई, तू मागे आलीस. माई, तू मागे का आलीस?" मला तेव्हा ते लाडिक वाटलं होतं. घाबरलंय पोर, असं. आता ओट्यापाशी वाकून, हातात दुधानं जड झालेलं फडकं धरून मला वाटलं, ज्याच्या हातून चुकून होतं तो आधी काय म्हणतो? तो म्हणतो, माझ्या हातून झालं. की नाही म्हणत? मला माहीत नाही. मी कधी कुणाला टोचलेलं नाही.

मी टूना मासा डब्यांत भरायच्या कारखान्यात होते, तिथे आम्ही ओळीनं उभ्या राहायचो, पांढऱ्या टोप्या, पांढरे एप्रन, पुढ्यात वाफवलेले मासे, हातात आखूड सुरी. साल काढायची, काळं मांस वेगळं, पांढरं वेगळं. मागून मुकादमीण फिरायची, रबरी बुटांत, पावलांचा आवाज नसायचा. मागे वळून बघायची परवानगी नव्हती. तरी मला कळायचं. ती माझ्या मागे आली की मानेखालचे केस उभे राहायचे आणि हात आपोआप भराभर चालायला लागायचे, माझ्या बाजूची क्रिसांता मलाच विचारायची, "कुठे आहे गं ती?" आणि मी ओठ न हलवता सांगायची, तिसऱ्या टेबलाशी. पाठीला डोळे होते माझ्या. सगळ्या मायाग्वेसच्या माशाचा वास नाकात भरलेला असताना मला मागच्या बाईचा साबण ओळखू यायचा. त्या पाठीनं त्या दिवशी काही सांगितलं नाही. का नाही सांगितलं? मागे माझाच मुलगा होता म्हणून ती निजली होती का? विग्बेर्तो लहान असताना, कारखान्यातून आले की मी खाटेवर पालथी पडायची आणि तो माझ्या पाठीवर आल्कोलादो, ते दुखण्यावरचं औषधी पाणी, चोळायचा, छोट्या छोट्या तळव्यांनी, युकॅलिप्टसचा वास सगळ्या खोलीभर. "इथे, माई? इथे दुखतंय?" जिथे माझा हात पोचत नसे तिथे त्याचा पोचायचा. ती जागा त्याला ठाऊक होती. त्याला ती अंधारातही सापडली असती. हा विचार आला आणि मी तो दोन्ही हातांनी ढकलून दिला, पण विचाराला ढकलून काय होतं, तो टेबलासारखा थोडाच कोपऱ्यात जाऊन बसतो.

मी ठरवलं की आपण करूनच बघू. याशिराच्या कानांवर वाट्या होत्या, तिचं लक्ष नव्हतं. मी शेगडीपुढे उभी राहिले, त्या दिवशी उभी होते तशी. तेव्हा पुढ्यात सोफ्रितोचं वाटण परतायचं पातेलं होतं, कांदा-मिरचीचा धूर डोळ्यांत जात होता. मागे फ्रीझर, आडवा, जुना, झाकण उघडलं की गुडघ्यात कळ येते असा खोल. वीज जाऊन येऊन आत बर्फाची भिंत धरली होती आणि विग्बेर्तो ती फोडत होता. ठक, ठक, ठक. आणि फोडता फोडता बोलत होता, की हा फ्रीझर फेकून दे माई, हे घर बंद कर माई, भूकंपानं पडलेल्या भेगा बघ भिंतीला, ओरलांडोला दादाकडे दोन खोल्या रिकाम्या आहेत, आपण तिघंही जाऊ. नुसतं बोलत होता. मी काही तरी उत्तर दिलं. काय दिलं ते मला चांगलं आठवतं, मी बोलले त्यातला शब्दन्‌शब्द मला नेहमी आठवतो. आणि ठक ठक थांबलं. इथे मी पुन्हा थांबले, मंगळवारी, रिकाम्या शेगडीपुढे, हातात लाकडी डाव धरून. ठक ठक थांबल्यावर मी मागे सरले का? पातेलं उतरवायला मला मागे सरावंच लागतं, ओटा अरुंद आहे. एक पाऊल. मी एक पाऊल मागे सरले. कमरेला फ्रीझरची कड लागली. म्हणजे फ्रीझरशी वाकलेल्या माणसाच्या हातातला टोचा माझ्या कमरेला लागेल, मांडीला लागेल. फऱ्याला कसा लागेल? तो सरळ उभा राहिलेला असला तर. पण बर्फ फोडून कंबर दुखली तर माणूस सरळ उभं राहतंच की. टोचा हातात असतोच की. मी पुन्हा सरले, थोडी तिरकी. मग आणखी एकदा. डावानं स्वतःच्या पाठीवर ती जागा दाखवायला गेले आणि खांदा धरला. तेवढ्यात नारळाची किंमत विचारायला जाळीशी आलेली फिलोमेना म्हणाली, "काय गं, नाचतेस होय?" मी म्हटलं, "तुझ्या लग्नात नाचायचंय ना, म्हणून." ती चौथ्यांदा लग्न करणार नाही असं शपथेवर सांगत निघून गेली.

खोलीत जाऊन मी ब्लाउज काढला. आरशाकडे पाठ केली, हातात याशिराचा छोटा आरसा धरला. ती रोज पट्टी बदलायची ती याच खोलीत. त्या जखमेला ओळखणारी या घरात ती एकटीच आहे, मी नाही. मी फक्त तिची बोटं ओळखते. यंत्राच्या गारव्यानं थंड पडलेली बोटं, हलकी, मलम लावताना श्वास रोखून धरायची. "कशी दिसते गं?" मी विचारायची. "कडा गुलाबी आहेत. ओल नाही." आणि पट्टी चिकटवून झाल्यावरही तिचा तळवा क्षणभर तिथेच राहायचा. मला त्याचा राग यायचा. हात काढ, मी काही पोळी नाही. ही इथे राहिली कशाला, हेही मला कळत नव्हतं. नवरा गुआयामाला आणि ही सासूपाशी. असं कुठे असतं? मला वाटायचं, माझ्या घरातलं इंटरनेट चांगलं आहे म्हणून राहिली असेल. मग वाटायचं, पाळतीवर ठेवलंय तिला त्यानं. तो गेल्यापासून तिची भूक मात्र वाढलीय, उभ्यानं का होईना पण दोनदा भात घेते, आणि न्हाणीघरात गुणगुणते. नवरा दूर गेलेली बाई गुणगुणते हे मला मुळीच आवडलं नव्हतं. दोन आरशांमध्ये माझी पाठ आली ती मला माझी वाटली नाही. एवढी मोठी, वळ्या पडलेली, तीळ आलेली म्हातारी पाठ, आणि तिच्यावर एक ठिपका. बेंबीएवढाही नाही. डास चावल्यावर पोर खाजवते आणि खपली धरते, तेवढाच. मी आरसा पुढे-मागे केला. मला वाटलं होतं तिथे काहीतरी लिहिलेलं असेल, निदान जखमेचा रोख तरी दिसेल, वरून खाली की खालून वर. काही नव्हतं. आरशात उजवं डावं होतं, दुसऱ्या आरशात पुन्हा उजवं होतं, आणि थोड्या वेळानं ती जखम माझी आहे की मागे उभ्या असलेल्या कुणा बाईची आहे हेही मला नीट सांगता येईना. छातीची मागची भिंत. भिंतीला एक भोक. त्यातून कुणी काय पाहिलं असेल, तर ते पाहणारं माणूस भिंतीच्या पलीकडे होतं. भिंतीला स्वतःला काय कळणार?

आणि पलीकडे दोघं होती. एक फ्रीझरशी, एक टेबलाशी.

दुपारी तिनं वाट्या काढल्या, ताट वाढून घेतलं आणि ओट्याला टेकली. मी दारात उभी राहिले, म्हणजे तिला माझ्या अंगावरूनच जावं लागेल.

"माझ्या कागदावर अपघात तूच लिहिलास?"

ती घास तोंडात घेऊन थांबली. "मी नाही, दोन्या. घरच्या माणसाची फाईल आम्हाला उघडता येत नाही. तिथल्या कुणीतरी लिहिलं."

"कशावरून?"

"डॉक्टरांनी जेवढं लिहिलं तेवढ्यावरून. वरची पाठ, टोचा, घरात. बाकी काही नव्हतं."

"म्हणजे चूक लिहिलं."

"नाही. बरोबर लिहिलं तिनं."

"बरोबर म्हणजे खरं?"

"बरोबर म्हणजे बरोबर." तिनं घास गिळला. "खरं ते आमच्याकडे नसतं."

"काय झालं ते कळलंच नाही, असं असेल तर? त्याला नाही का तुमच्याकडे आकडा? सगळ्याला असतो ना? कुत्र्याला असतो."

"आहे. पण तो आपल्या मनानं लावायचा नसतो. 'कळू शकत नाही' असं डॉक्टरांनी लिहावं लागतं."

"कळत नाही हेसुद्धा त्यांनीच कळवायचं?"

"हो."

"आणि तू? मी विचारलं तेव्हा तुला हे माहीत होतं ना? नुसतंच पडतं ते अपघात म्हणून? मी देवमातेला हात जोडले तेव्हा तू बघत होतीस की नाही?"

"तुम्ही विचारलंत, काय लिहिलंय. मी काय लिहिलंय ते सांगितलं."

"वकिलीण कुठली! बरं, आता विचारते. त्यानं मारलं ना मला?"

"असा नसतो विचारायचा प्रश्न, दोन्या." हे तिनं इतकं हळू सांगितलं की मला ते उर्मट वाटायला थोडा वेळ लागला. "आम्हीसुद्धा डॉक्टरांना असं विचारू शकत नाही. मारलं ना, म्हटलं की समोरचा हो तरी म्हणतो किंवा नाही तरी. मग ते त्याचं उत्तर राहत नाही, आपलं होतं."

"मग कसा विचारायचा, बाईसाहेब?"

"काय झालं, असा."

मला या घरात कुणी शिकवलेलं नाही. नवऱ्यानं नाही, पाद्र्यानं नाही. रविवार पाच दिवसांवर आला होता, तो पिशवी घेऊन दाराशी येईल, माई म्हणेल, आणि मला जाळीचं कुलूप एक तर काढावं लागेल, नाही तर काढायचं नाही. मी विचारलं, "काय झालं?"

तिनं ताट खाली ठेवलं. बोलली ती ताटाकडे बघत, कागद वाचून दाखवते त्या आवाजात. "फ्रीझरच्या आतल्या कडेचा बर्फ राहिला होता. तुम्ही त्याला म्हणालात, बायकोच्या जिवावर गिळतोस आणि मला माझ्याच घरातून उठवतोस. त्याचा हात थांबला. तो उभा राहिला. त्यानं टोचा मुठीत उलटा धरला, टोक खाली. हात वर गेला. तुम्ही पातेलं उतरवायला मागे सरलात. मग टोचा खाली पडलेला होता आणि तुम्ही बर्फ उडाला म्हणालात."

"मधलं सांग."

"मधलं मला माहीत नाही."

"समोर बसली होतीस तू. तोंड आमच्याकडे होतं तुझं."

"हो."

"मग?"

"मी डोळे मिटले."

यंत्र घुमत होतं. खिडकीत ठेवलेले लिंबेरचे पेले अजून फ्रीझरमध्ये गेले नव्हते, त्यांवर साय धरत होती. मला आधी नुसताच संताप आला, की बघायची वेळ आली आणि हिनं डोळे मिटले. मग तो संताप कुठेतरी अडखळला. कारखान्यात क्रिसांताची सुरी घसरली होती तेव्हा टेबलावरच्या आम्ही सगळ्या बायका डोळे फाडून बघत राहिलो होतो, एकीलाही डोळे मिटायला सुचलं नव्हतं. ते होऊन गेल्यावर कळलं की झालं. अचानक होणाऱ्याला कोण डोळे मिटणार? त्याला वेळच कुठे असतो? वर गेलेला हात बघून ज्याला पुढचं आधीच दिसतं, तेच माणूस डोळे मिटतं. आणि एकदा सुचल्यावर ते मला थांबवता येईना. या मुलीचं ताट, तिचं टेकून उभं राहणं, पट्टी लावल्यावर माझ्या पाठीवर राहिलेला तो तळवा. तो हात मला सांभाळत होता की काय, की काही विचारत होता? मी तिच्याकडे नीट पाहिलं, या घरात आल्यापासून पाहिलं नसेल इतकं. ती माझ्याकडे बघत नव्हती. तिचा हात केसांखाली, मानेमागे गेला होता आणि तिथेच राहिला होता, तिलाही कळलं नसावं की तो तिथे आहे.

"याशिरा," मी म्हटलं, आणि माझा आवाज मलाच परका वाटला, पण मी तो थांबवला नाही. "त्या दिवशी त्याचा हात माझ्यावर उतरला की मीच जाऊन त्यावर आदळले, ते मला अजून कळलेलं नाही, आणि मरेपर्यंत कळेल असं वाटत नाही. त्याचं काय ते देव बघेल. पण तो हात वर गेला की पुढे काय होतं ते तुला पाठ आहे, आणि हे तू मला गाडीतच सांगायला हवं होतंस. गाडीच्याही आधी, तो तुझ्यावर उठला त्या पहिल्या वेळेलाच सांगायला हवं होतंस, मी पलीकडच्याच खोलीत होते. नाही सांगितलंस. माझ्याशी वाईट वागलीस तू आणि स्वतःशी त्याहून वाईट, आणि ते मी विसरणारी बाई नाही. आता ते ताट उचल आणि खुर्चीवर बसून जेव. त्याला फोन मी करते. रविवारी दोघींपुरतंच रांधायचं."